गवताची स्मृती : योनास मेकासचे दैनंदिनीपट आणि इतिहासाचा प्रश्न

१९४० सालच्या जून महिन्यात सोव्हिएत सैन्य लिथुआनियात शिरले, तेव्हा योनास मेकास सतरा वर्षांचा होता. त्याच सुमारास त्याला आयुष्यातला पहिला कॅमेरा मिळाला होता. गावाजवळच्या रस्त्यावरून रणगाडे चालले होते आणि त्याने आपले पहिले छायाचित्र त्या रणगाड्यांचे घेतले. एक सैनिक धावत आला, त्याने कॅमेऱ्यातली फीत ओढून काढली आणि बुटाखाली धुळीत तुडवली. ही हकीकत मेकास पुढे आयुष्यभर सांगत आला. तिला आधार आहे तो त्याच्या शब्दाचाच. दुसरा पुरावा ठरू शकली असती ती फीत तर धुळीत गेली. तरीही त्याच्या कामाविषयी लिहिताना ही हकीकत टाळता येत नाही. कारण तिच्यात त्याच्या साऱ्या चित्रपटांचा मूळ प्रश्न आहे : जे पाहिले ते पाहणाऱ्याच्या सांगण्यापलीकडे कशाच्या आधारे उभे राहते? आणि जे पाहिले पण सांगितले नाही, त्याचे काय होते?

मेकास (१९२२–२०१९) हा चित्रपटाच्या इतिहासात प्रामुख्याने न्यूयॉर्कच्या प्रायोगिक चळवळीचा सूत्रधार म्हणून ओळखला जातो. १९५०च्या दशकाच्या मध्यावर त्याने धाकटा भाऊ आडोल्फास याच्यासह 'फिल्म कल्चर' हे नियतकालिक सुरू केले. १९५८पासून 'व्हिलेज व्हॉइस' या साप्ताहिकात तो चित्रपटविषयक सदर लिहू लागला. १९६२ साली चित्रपटकारांची सहकारी संस्था आणि १९७० साली 'अँथॉलॉजी फिल्म आर्काइव्ह्ज' हे अभिलेखागार, या दोहोंच्या उभारणीत त्याचा मोठा वाटा होता. 'फ्लेमिंग क्रीचर्स' हा जॅक स्मिथचा चित्रपट दाखवल्याबद्दल १९६४ साली त्याला अटकही झाली. हे सगळे महत्त्वाचे आहेच. परंतु साहित्याच्या अभ्यासकाला त्याच्याकडे वळावेसे वाटावे याचे कारण वेगळे आहे. मेकास मुळात कवी होता, आणि लिथुआनियन भाषेतला मान्यवर कवी होता. आपल्या गावावरच्या कवितांचा त्याचा संग्रह १९४८ साली, तो जर्मनीतील निर्वासितांच्या छावणीत असताना प्रसिद्ध झाला. पुढे अमेरिकेत गेल्यावरही कविता त्याने मातृभाषेतच लिहिली. मात्र ज्यांच्यात तो आता राहत होता त्यांना ती भाषा कळत नव्हती. कॅमेरा ही त्याची दुसरी भाषा झाली ती या कोंडीतून.

त्याचे गाव सेमेनिश्किआइ. ईशान्य लिथुआनियातल्या बिर्झाइ या छोट्या शहराजवळचे हे शेतकऱ्यांचे खेडे. १९४० साली सोव्हिएत ताबा, १९४१च्या जूनमध्ये जर्मन ताबा आणि १९४४ साली पुन्हा लाल सेना, अशा तीन लाटा चार वर्षांत या मुलखावरून गेल्या. मेकासने स्वतः दिलेला वृत्तांत असा : जर्मन अमलात तो एका भूमिगत पत्रकासाठी परदेशी नभोवाणीवरच्या बातम्या टंकलिखित करीत असे. लाकडांच्या ढिगात लपवलेले त्याचे टंकलेखनयंत्र चोरीला गेले. चोर पकडला गेला तर माग आपल्यापर्यंत येईल या भीतीने १९४४च्या उन्हाळ्यात तो आणि आडोल्फास व्हिएन्नाला शिकायला म्हणून निघाले. वाटेत त्यांची आगगाडी वळवण्यात आली आणि ते हॅम्बुर्गजवळच्या एल्म्सहॉर्न येथील सक्तमजुरीच्या छावणीत जाऊन पडले. सुमारे आठ महिन्यांनी ते तेथून पळाले. युद्ध संपल्यावर वीसबाडेन आणि कासेल येथील निर्वासितांच्या छावण्यांत काही वर्षे गेली. मधल्या काळात माइन्त्सच्या विद्यापीठात तत्त्वज्ञानाचे थोडे शिक्षण झाले. २९ ऑक्टोबर १९४९ रोजी दोघे भाऊ निर्वासितांच्या जहाजाने न्यूयॉर्कला उतरले. ब्रुकलिनच्या विल्यम्सबर्ग भागात, जिथे लिथुआनियन लोकांची वस्ती होती, तिथे त्यांनी खोली घेतली. कारखान्यात मिळेल ते काम धरले आणि थोड्याच दिवसांत उसने पैसे काढून सोळा मिलिमीटरचा एक बोलेक्स कॅमेरा विकत घेतला.

या यंत्राविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे, कारण मेकासच्या शैलीचा अर्धा उलगडा त्यात आहे. बोलेक्स हा चावीचा कॅमेरा. एकदा चावी दिली की तो अर्ध्या मिनिटाहून कमी काळ चालतो, मग पुन्हा चावी द्यावी लागते. त्यात बसणारे शंभर फुटांचे रीळ नेहमीच्या गतीने जेमतेम पावणेतीन मिनिटांत संपते. तो हातात धरून चालता येते, आणि बटण दाबून एकेक चौकटही टिपता येते. मात्र आवाज त्यात नोंदला जात नाही. दिवसभर कारखान्यात राबणाऱ्या आणि नंतर संपादनाच्या, चळवळीच्या धबडग्यात सापडलेल्या माणसाला सलग वेळ मिळत नव्हता. मिळत होत्या त्या दहा सेकंद इथे, एक मिनिट तिथे, अशा फटी. आपण खरा चित्रपट करू तेव्हा करू, तोवर हात साफ करत राहू, अशा समजुतीने तो हे तुकडे टिपत राहिला. बऱ्याच वर्षांनी ते एकत्र पाहताना त्याच्या ध्यानात आले, की तीच माणसे, तीच झाडे, तोच बर्फ पुन्हापुन्हा येतो आहे. आपण सराव करीत नव्हतो, रोजनिशी लिहीत होतो.

'वॉल्डन' (१९६९) हा या जाणिवेतून सिद्ध झालेला पहिला मोठा दैनंदिनीपट. तीन तासांच्या या चित्रपटात कथानक नाही. सेंट्रल पार्कमधले ऋतू, मित्रांची लग्ने, सकाळची न्याहारी, एखाद्या चित्रपटकाराच्या घरी दिलेली भेट असे सारे त्यात आहे. प्रतिमा थरथरते, पळते, मध्येच एकेका चौकटीच्या झटक्यांनी उसळते, कधी जास्त उजेडाने पांढरी पडते. ही हयगय नव्हे. नेहमीच्या चित्रपटात संकलन चित्रणानंतर होते. मेकास पुष्कळसे संकलन कॅमेऱ्यातच, त्या क्षणी करून टाकतो. एखाद्या झाडावर दोन चौकटी, मित्राच्या चेहऱ्यावर वीस, पुन्हा झाडावर चार. दृश्याची लय पाहणाऱ्याच्या तेव्हाच्या मनःस्थितीने ठरते, आणि नंतर ती दुरुस्त करता येत नाही. हस्तलिखितात जसा अक्षराच्या वळणावरून लिहिणाऱ्याच्या हाताचा कंप कळतो, तसे हे आहे.

याच दशकात अनुबोधपटाच्या क्षेत्रात एक वेगळीच क्रांती चालू होती. हलका कॅमेरा आणि त्याच्याशी जुळवलेले ध्वनिमुद्रण यांच्या बळावर रॉबर्ट ड्रू, रिचर्ड लीकॉक, डी. ए. पेनेबेकर आणि मेझल्स बंधू यांनी 'डायरेक्ट सिनेमा' घडवला. चित्रपटकाराने भिंतीवरच्या माशीसारखे असावे, घटनेत ढवळाढवळ करू नये, निवेदन शक्य तितके टाळावे, ही त्यांची भूमिका. मेकासला त्यांच्याविषयी आदर होता. त्यांच्या 'प्रायमरी' (१९६०) या चित्रपटाला 'फिल्म कल्चर'ने आपले पारितोषिकही दिले. स्वतः मेकासने 'द ब्रिग' (१९६४) या चित्रपटात नाविकदलाच्या तुरुंगावरचे एक नाटक रंगमंचावर नटांमध्ये शिरून बातमीपटासारखे चित्रित केले, तेव्हा व्हेनिसच्या महोत्सवात त्या नाटकाला अनुबोधपटाचे पारितोषिक मिळाले! निरीक्षणाची शैली किती सहज सत्याचा आभास निर्माण करते, हे त्याला या प्रसंगातून कळले नसेल असे म्हणवत नाही.

परंतु त्याची स्वतःची वाट निराळी होती. निरीक्षक स्वतःला लपवतो तेव्हा पाहण्याची जबाबदारीही लपते. मेकासच्या चित्रपटात पाहणारा सतत उपस्थित असतो : कॅमेऱ्याच्या हिसक्यात, टंकलिखित शीर्षकपट्ट्यांत, आणि मुख्य म्हणजे नंतर जोडलेल्या त्याच्या आवाजात. लिथुआनियन वळणाची, अडखळती, मध्येच थांबणारी ती इंग्रजी ज्याने एकदा ऐकली तो विसरणार नाही. मेकास स्वतःला चित्रपट 'बनवणारा' म्हणवत नसे. मी नुसता चित्रण करणारा, असे तो म्हणे.

त्याच्या पद्धतीचे खरे सामर्थ्य 'लॉस्ट, लॉस्ट, लॉस्ट' (१९७६) या चित्रपटात दिसते. यातले चित्रण १९४९ ते १९६३ या काळातले, संकलन आणि निवेदन मात्र १९७० नंतरच्या दशकातले. म्हणजे चित्रण करणारा हात सत्तावीस वर्षांच्या निर्वासिताचा आणि बोलणारा आवाज पन्नाशी ओलांडलेल्या न्यूयॉर्ककराचा. पहिल्या रिळांत ब्रुकलिनमधले लिथुआनियन लोक आहेत : उद्यानातल्या सहली, बाप्तिस्मे, लोकनृत्ये, परतण्याचा मार्ग शोधणाऱ्या निर्वासित पुढाऱ्यांच्या बैठका. चित्रण करणाऱ्या तरुणाला वाटत होते, की आपण एका राष्ट्राच्या वनवासाची नोंद ठेवतो आहोत. आवाजाला ठाऊक आहे, की यांतले कोणी परतणार नाही आणि तो स्वतःही लवकरच या वस्तीतून निघून मॅनहॅटनच्या कवींमध्ये जाणार आहे. चित्र आणि आवाज यांच्यातले हे वीसेक वर्षांचे अंतर चित्रपट बुजवू पाहत नाही. आत्मचरित्राच्या मीमांसेत आपण 'अनुभवणारा मी' आणि 'सांगणारा मी' असा भेद करतो. लेखनात दोघांना एकाच भाषेतून बोलावे लागते, म्हणून दुसरा पहिल्याला सहज गिळून टाकतो. इथे ते शक्य नाही. फितीवरचा तरुण मूक आहे, पण तो तिथे आहे.

याच चित्रपटाच्या अखेरच्या भागात १९६३ सालचा एक प्रसंग आहे. रॉबर्ट फ्लॅहर्टी या आद्य अनुबोधपटकाराच्या नावाने व्हरमाँट राज्यात भरणाऱ्या परिसंवादात मेकास, केन जेकब्स आणि त्यांचे साथीदार आपले चित्रपट घेऊन न बोलावता जातात. त्यांना आत थारा मिळत नाही. रात्र गाडीत आणि उघड्यावर काढून पहाटे ते थंडीत घोंगड्या पांघरून, एखाद्या पंथाच्या भिक्षूंसारखे, दवात भिजलेल्या कुरणावर कॅमेरे घेऊन हिंडतात. प्रसंग खेळकर आहे. पण अनुबोधपटाच्या प्रस्थापित घराण्याला ही वैयक्तिक रोजनिशी तेव्हा आपली वाटली नाही, ही इतिहासातली गोष्ट त्यात नोंदली गेली आहे.

आता त्या चित्रपटाकडे येऊ, ज्याच्यासाठी हा लेख लिहावासा वाटला. 'रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुआनिया' (१९७२). सत्तावीस वर्षांनी, १९७१च्या ऑगस्टमध्ये, दोघा भावांना सोव्हिएत लिथुआनियात आपल्या घरी जाण्याची परवानगी मिळाली. चित्रपटाचा मधला आणि सर्वांत मोठा भाग म्हणजे या भेटीचे ओझरते दर्शन. पडद्यावर क्रमांक येतात आणि त्यांच्यामागून तुकडे. म्हातारी आई अंगणात चूल पेटवून बटाट्याची धिरडी करते. विहिरीचे पाणी, रानातली फळे, भावांची गाणी, जुन्या नांगराशी केलेला खेळ. आई सांगते, की तुम्ही गेल्यावर पोलीस कितीतरी रात्री घराभोवती झुडपांत दबा धरून तुमची वाट पाहत होते. सामुदायिक शेतीचे, सोव्हिएत प्रगतीचे चित्रण यात जवळजवळ नाही. तसेच सोव्हिएत राजवटीचा निषेधही नाही. लिथुआनिया कसा आहे हे मेकास सांगत नाही. परतलेल्या मुलाला जेवढे दिसते तेवढेच तो दाखवतो.

त्याच काळात लिथुआनियाच्या आतही असे काही घडत होते, हे इथे नोंदवायला हवे. रोबेर्तास वेर्बा याने १९६५ साली केलेल्या 'म्हातारा आणि जमीन' या लघुपटापासून तिथे काव्यात्म अनुबोधपटाची एक परंपरा सुरू झाली. हेन्रिकास शाब्लेविचस याने ती पुढे नेली. राज्याच्या स्टुडिओतून काम करणारे हे लोक घोषणाबाज निवेदन टाळून एखाद्या वृद्ध शेतकऱ्याचा चेहरा, त्याचे हात, त्याचे मौन यांवर रेंगाळत. पुढच्या पिढीतला ऑड्रियस स्टोनिस याने तरुणपणी न्यूयॉर्कला मेकासच्या अभिलेखागारात काही काळ काढला, आणि अंधांच्या जगावरच्या त्याच्या 'आंधळ्यांची भूमी' या शब्दविरहित चित्रपटाला १९९२ साली सर्वोत्कृष्ट अनुबोधपटाचा युरोपीय पुरस्कार मिळाला. म्हणजे देशाबाहेरचा आणि देशातला असे दोन प्रवाह अखेर भेटले. दोघांचाही अधिकृत इतिहासाच्या मोठ्या आवाजावर विश्वास नव्हता.

'रेमिनिसन्सेस'चा तिसरा भाग एल्म्सहॉर्नमध्ये सुरू होतो. दोघे भाऊ आपली छावणी शोधत येतात. तिथे काही उरलेले नाही. छावणी होती हे आता तिथे कोणाला आठवत नाही, ते आठवते ते फक्त गवताला, अशा आशयाचे मेकास बोलतो. काही मुले कुतूहलाने त्यांच्यामागे लागतात आणि मग पळू लागतात. एके काळी मीही इथून असाच पळालो होतो, पण जीव वाचवण्यासाठी, असे तो त्या मुलांना मनातल्या मनात सांगतो. चित्रपट व्हिएन्नात संपतो. १९४४ साली जिथे पोहोचायचे राहून गेले होते त्या शहरात तो मित्रांमध्ये आहे, आणि शेवटी रात्रीच्या आकाशाखाली फळबाजार जळताना दिसतो. लिथुआनियन भाषेत आगीला 'उग्निस' म्हणतात. संस्कृत जाणणाऱ्याला त्यातला अग्नी लगेच ओळखू येतो.

स्थळे विसरतात, गवत विसरत नाही. मेकासचे हे वाक्य मी कित्येक वर्षे एका निर्वासिताचा उद्गार म्हणूनच ऐकत आलो. २०१८ साली इतिहासाभ्यासक मायकेल कॅस्पर याने 'न्यूयॉर्क रिव्ह्यू ऑफ बुक्स'मध्ये एक लेख लिहिला आणि ते वाक्य मला वेगळे ऐकू येऊ लागले. जर्मन अमलात मेकास ज्या स्थानिक वृत्तपत्रांत काम करीत होता, त्यांत ज्यूविरोधी प्रचारही छापला जात होता, हे कॅस्परने जुने अंक काढून दाखवले. मेकासचे स्वतःचे लेखन वाङ्मयीन स्वरूपाचे होते. छळात त्याचा हात होता असे कॅस्परही म्हणत नाही. त्याचा रोख मौनावर आहे. १९४१च्या ऑगस्टमध्ये बिर्झाइ शहरातले ज्यू, सुमारे २,४०० माणसे, त्यांत शेकडो मुले, शहराजवळच्या रानात नेऊन गोळ्या घालून मारली गेली. या कत्तलीत स्थानिक लिथुआनियन लोकांचाही सहभाग होता. हे मेकासच्या गावापासून फार दूर घडलेले नाही. आणि आयुष्यभर स्मृतीचे काम केलेल्या या कलावंताच्या चित्रपटांत त्याला जागा नाही.

या लेखावरून मोठा वाद झाला. पंचाण्णव वर्षांच्या माणसाकडे असा हिशेब मागणे काहींना क्रूर वाटले, तर काहींना तो फार उशिरा मागितला गेला असे वाटले. काही महिन्यांनी, २३ जानेवारी २०१९ रोजी मेकास वारला. त्याच्यावर निकाल देण्याचा अधिकार मला आहे असे मी मानत नाही. व्यापलेल्या देशात तरुण माणूस काय पाहतो, काय पाहण्याचे टाळतो, आणि काय पाहूनही मनाच्या तळाशी ढकलतो, हे सुरक्षित खोलीत बसून ठरवणे सोपे असते. पण वाचक म्हणून एक गोष्ट लक्षात घ्यावीच लागते. मेकासची प्रसिद्ध झालेली रोजनिशी १९४४ साली, घर सोडताना सुरू होते. रोजनिशी कुठे सुरू होते, हाही तिचा आशय असतो. आपल्या यातनेपासून सुरू होणारी कहाणी शेजाऱ्याच्या मृत्यूपर्यंत मागे जात नाही. यासाठी खोटे बोलावे लागत नाही. पहिले पान कोणते हे ठरवले की पुरते.

मग या चित्रपटांचे मोल कमी होते का? मला वाटते, ते बदलते. वैयक्तिक शैलीच्या बाजूने नेहमी केला जाणारा युक्तिवाद असा, की ती सर्वज्ञतेचा आव आणत नाही, म्हणून अधिक प्रामाणिक. हे अर्धेच खरे आहे. आव न आणणे हा प्रामाणिकपणा असतो, तसाच तो आडोसाही होऊ शकतो. मी फक्त मला दिसले तेवढे दाखवतो, असे म्हणणाऱ्याला न दिसलेल्याबद्दल विचारता येत नाही. मात्र मेकासच्या पद्धतीतच या आडोशावरचा उपायही आहे. निरीक्षकाने स्वतःला लपवलेल्या चित्रपटात काय वगळले गेले आणि कोणी वगळले हे कळायला मार्ग नसतो. इथे पाहणारा समोर उभा आहे, त्याचे वय, त्याचा मुलूख, त्याची भाषा आपल्याला ठाऊक आहे. म्हणूनच, तू तेव्हा कुठे होतास, हा प्रश्न त्याला विचारता तरी येतो. कॅस्परचा लेख लिहिला जाऊ शकला तो मेकासने आपण साक्षीदार असल्याचा दावा पन्नास वर्षे केला म्हणून.

उत्तरायुष्यात मेकासचे चित्रपट अधिकाधिक आनंदाकडे झुकत गेले. 'अ‍ॅज आय वॉज मूव्हिंग अहेड ऑकेजनली आय सॉ ब्रीफ ग्लिम्प्सेस ऑफ ब्यूटी' (२०००) या जवळजवळ पाच तासांच्या चित्रपटात तीस वर्षांचे कौटुंबिक सुख आहे. पत्नी, मुले, मांजर, खिडकीतला उजेड. कालक्रम त्याने मुद्दाम मोडला आहे. २००७ साली, पंच्याऐंशीच्या घरात, त्याने वर्षभर दररोज एक लघुपट महाजालावर ठेवला. पूर्वी हा हट्टी आनंद मला साधेपणाचा वाटत असे. आता त्यात काहीतरी दूर ठेवण्याची धडपडही दिसते. तो आनंद खोटा आहे असे मात्र अजूनही वाटत नाही.

वर्गात 'रेमिनिसन्सेस' दाखवण्याची संधी ज्या अध्यापकांना मिळेल त्यांना एक सुचवावेसे वाटते. आधी चित्रपट दाखवावा, काही न सांगता. आईची चूल, विहीर, गाणी यांचा आनंद विद्यार्थ्यांना पुरता घेऊ द्यावा, तो त्यांचा हक्क आहे. मग बिर्झाइचा १९४१चा ऑगस्ट सांगावा. आणि मग एल्म्सहॉर्नचा भाग पुन्हा दाखवावा, जिथे दोन भाऊ कुरणात उभे आहेत आणि वाऱ्यावर गवत हलते आहे.